इंद्रधनुष्यावर चढलेली गाय

तर एकदा काय झालं, एक गाय इंद्रधनुष्यावर चढली.

हसू नका. खरंच चढली. आधी पाय पांघरुणात घ्या, मग सांगते.

खूप खूप उत्तरेला एक देश आहे. तिथे थंडीत समुद्राच्या कडेलासुद्धा बर्फ धरतो. तिथल्या जुन्या लोकांचे देव वेगळे होते, बरं का. ते लोक म्हणायचे, जग काही एकच नाही, जगं नऊ आहेत. एक भलंमोठं झाड आहे, आणि सुगरणीचे खोपे टांगलेले असतात ना, तशी ती नऊ जगं त्या झाडाला धरून आहेत. वरच्या फांदीवर देव राहतात, मधल्या फांदीवर माणसं. आणि देवांना खाली यायचं झालं तर रस्ता कुठला? इंद्रधनुष्य! तो त्यांचा पूल.

तर त्या मधल्या जगात, डोंगराच्या कुशीत, बेरा नावाची एक बाई राहायची. तिचा नवरा मासेमारीला लांब समुद्रावर गेला होता. तो येणार थेट वसंतात. घरात बेरा आणि तिची सासू उन्नाबाई, दोघीच. उन्नाबाईंच्या तोंडात एकही दात नव्हता. पण त्यावाचून त्यांचं बोलणं काही अडत नव्हतं. अडायचं ते खाणं. त्यांना लागायचं दूध. सकाळी दूध, दुपारी दूध, संध्याकाळी दुधात कुस्करलेली भाकरी.

आणि ते दूध द्यायची ग्रीमा. ग्रीमा म्हणजे गाय. घरातली एकुलती एक. अंगाने काळीभोर, तोंड तेवढं पांढरं. बेराच्या आईने तिला लग्नात दिलेली. पण ग्रीमा गाभण होती, दोन महिने झाले आटली होती, आणि उन्नाबाई नुसत्या पेजेवर दिवस काढत होत्या.

"व्याली का गं?" रोज सकाळी त्या विचारायच्या.

"नाही हो आत्याबाई."

"मग काय मी गेल्यावर व्यायचंय तिला?"

त्यांना हात धरून उठवताना बेराला कळायचं. हात कालच्यापेक्षा हलका लागतोय. पुढे सगळी थंडी काढायची होती. ग्रीमा लवकर व्याली पाहिजे, नाहीतर आत्याबाईंचं काही खरं नाही, एवढंच तिच्या मनात असायचं.

मग एके दिवशी काय झालं, सकाळी ऊनही पडलं आणि भुरभुर पाऊसही. आणि इंद्रधनुष्य उतरलं ते नेमकं बेराच्या कुरणात! ग्रीमा तिथेच चरत होती. कुरणातलं गवत सगळं वाळून गेलेलं. तिने मान वर केली तर समोर सात पट्टे. तांबडा, नारिंगी, पिवळा, आणि मग? हिरवा!

ग्रीमाला वाटलं, गवत. तिने एक घास घेतला. तोंडात काहीच आलं नाही. तिला वाटलं, पुढचं गवत चांगलं असेल. एक पाऊल पुढे, एक घास. काही नाही. आणखी एक पाऊल, आणखी एक घास. असं करत करत, शेपूट हलवत हलवत, बाईसाहेब निघाल्या वर.

बेरा बाहेर आली, तर कुरणात गाय नाही. तिने झाडामागे पाहिलं, ओढ्याकाठी पाहिलं. मग वर पाहिलं, तर ढगाजवळ एक काळी शेपूट!

"ग्रीमा! अगं ए ग्रीमा! उतर खाली!"

ग्रीमा कसली ऐकते. मग बेराने हातातली बादली खाली ठेवली, घागरा वर खोचला आणि इंद्रधनुष्याला पाय लावला. तांबड्या पट्ट्याला अंगठा लागला तर केवढ्याने भाजलं! तांबडा पट्टा म्हणजे खराखुरा विस्तव, बरं का. राक्षसांनी वर चढू नये म्हणून घातलेला. मग ती पिवळ्यावरून गेली. तो मऊ होता, पेंढ्यासारखा. तिने एकदाच खाली पाहिलं. घर काडेपेटीएवढं दिसत होतं. मग तिने खाली बघायचंच सोडून दिलं, फक्त शेपटीकडे बघत चढत राहिली.

पुलाच्या वरच्या टोकाला देवांचा पहारेकरी बसलेला असतो. त्याचं नाव हाइमडाल. त्याचे दात सोन्याचे, मांडीवर एक मोठं शिंग. आणि कान कसे? गवत उगवतं त्याचा आवाज त्याला येतो. मेंढीच्या अंगावर लोकर वाढते, तोही आवाज येतो. तुम्ही पांघरुणात खुसखुसताय तेही त्याला ऐकू जात असेल.

तो म्हणाला, "थांब बाई. मेलीस का?"

"काय?" बेरा म्हणाली.

"माणसं इथे मेल्यावर येतात. तीही लढाईत मेल्यावर. तू कुठल्या लढाईत मेलीस?"

"मी कुठे मेलेय हो! माझी गाय आली का इकडे?"

"आली की."

"मग अडवली का नाहीत तिला?"

पहारेकरी जरा ओशाळला. म्हणाला, "राक्षस अडवायचे असा हुकूम आहे मला. गाईचं हुकुमात काही नाही. मी खालपासून ऐकत होतो. काहीतरी चावत चावत येतंय. म्हटलं, राक्षस काही असा निवांत येणार नाही."

मग त्याने मान कलती केली, कान दिला आणि हळू आवाजात म्हणाला, "पण ऐक बाई. तिच्या पोटातल्या वासराचं काळीज धडधडतंय, ते मला ऐकू येतंय. आजच व्यायची ती. आणि आमच्याकडे नियम आहे, पहिला श्वास ज्याने जिथे घेतला, तो तिथला. वासरू इथे जन्मलं, तर इथेच राहणार. आणि दुसरं म्हणजे, दिवस बुडाला की हा पूल विरतो. उद्या तो कुठे उतरेल, मलाही माहीत नाही."

बेराच्या मनात आलं, वासरू इथे राहिलं तर ग्रीमा त्याला सोडून येणार आहे का? आणि ग्रीमा आली नाही तर आत्याबाईंना काय पाजायचं?

"मला आत सोडा हो," ती म्हणाली. "गाय घेते आणि लगेच जाते."

पहारेकऱ्याने पुन्हा कान दिला. "तुझ्या घरी कोणीतरी म्हातारी बोलतेय. मघापासून बोलतेय."

"काय म्हणतायत?"

"ते मी सांगत नाही," पहारेकरी म्हणाला. "जा तू. लवकर जा."

ग्रीमा कुठे होती? जिथे देवांची सभा भरते ना, त्या हिरवळीवर! अर्धी हिरवळ तिने खाऊन टाकली होती. चारी बाजूंनी देव उभे राहून कौतुकाने बघत होते, कारण देवांकडे घोडे होते, बोकड होते, डुकरं होती, पण अशी घरंदाज गाय आली नव्हती कधी.

बेराने कोणाला नमस्कार केला नाही का काही नाही. सरळ गेली, ग्रीमाची शिंगं धरली, आणि तिला ओढत ओढत पुलाशी आणली. ग्रीमाने खाली पाहिलं. चारी पाय रोवले. आणि जी उभी राहिली ती राहिली. गाय चढ चढते हो, पण तो एवढा उतार तिने कधी बघितलाच नव्हता. बेराने पुढून ओढलं, देवांनी मागून ढकललं. गाय तसूभर हलली नाही.

मग तिथे थोर आला. थोर म्हणजे त्यांच्यातला सगळ्यात बलवान देव. नावाने थोर आणि अंगानेही थोर. तांबडी दाढी, कमरेला हातोडा, आणि बूट ओले. नेहमीच ओले, बरं का. कारण तो इतका जड की त्याला त्या पुलावर पाय ठेवायची बंदी. बाकीचे देव पुलावरून टापटाप घोड्यांवर जायचे, आणि हा बिचारा नद्यांमधून गुडघाभर पाण्यातून चालत जायचा.

त्याने ग्रीमाकडे पाहिलं. तिच्या पाठीवर हात ठेवला. म्हणाला, "तुलाही नाही जमत ना पुलावरून? मला ठाऊक आहे ते कसं वाटतं." मग बेराला म्हणाला, "माझा रथ देतो बाई. दोन बोकड ओढतात. आकाशातून जातो."

त्यांनी ग्रीमाला रथात चढवलं. चढायला ती तयारच असायची. थोर लगाम धरून खाली रथाशेजारी उभा राहिला. बोकड निघाले. पण त्या रथाची चाकं फिरली की काय होतं, ठाऊक आहे? गडगडाट! आपल्याकडे ढग गडगडतात ना, तसा. पहिला गडगडाट झाला मात्र, ग्रीमाने रथातून उडी मारली ती थेट थोरच्या पायावर.

"आई गं!" थोर ओरडला. डोंगराएवढ्या राक्षसांना लोळवणारा थोर, एका पायावर उड्या मारत होता. आणि ग्रीमा त्याच्यामागे लपून थरथरत होती. तेवढी मोठी गाय आणि लपली कोणामागे, तर ज्याचा गडगडाट त्याच्याच मागे.

दिवस माथ्यावरून कलला.

मग फ्रेया नावाची देवी पुढे आली. तिच्याकडे ससाण्याच्या पिसांचा अंगरखा होता. तो अंगावर घातला की माणूस उडायला लागतो. ती म्हणाली, "हिच्या पाठीवर बांधून तर बघू या. गळ्याशी नाडी आवळली की झालं."

बांधला. नाडी आवळली. आणि ग्रीमा उडाली हो! चार पाय लोंबतायत, शेपूट मागे ताठ, कान फडफडतायत. पण तिला काय माहीत खाली कसं उडायचं? ती गेली वर. वर, वर, आणि त्या मोठ्या झाडाच्या शेंड्याशी एका फांदीवर जाऊन बसली. अगदी कोंबडी बसते तशी.

त्या झाडावर एक खार आहे. दिवसभर वर-खाली पळते आणि इकडची बातमी तिकडे करते. तिला तर आयतीच बातमी मिळाली. घटकाभरात नऊच्या नऊ जगांत बोभाटा झाला, "देवांनी शिंगं असलेला पक्षी पाळलाय आणि तो रवंथ करतो!" राक्षसांच्या देशात म्हणे दोन राक्षस ते ऐकून घाबरले आणि दारं लावून बसले.

बेरा झाडाखाली उभी होती. तिला हसू येत नव्हतं. वर फांदी करकरत होती, आणि त्या फांदीवर पोटुशी गाय. तिचे डोळे भरून आले. देवांना तर काही सुचेनाच. कोणी म्हणे शिडी आणा, कोणी म्हणे झाड हलवा.

"झाड हलवू नका!" बेरा ओरडली. "नऊ जगं आहेत ना त्याच्यावर?"

"हो, तेही आहे," देव म्हणाले.

मग बेराने डोळे पुसले. दोन्ही तळवे तोंडाशी धरले, आणि रोज धार काढायला बसताना जशी हाक मारायची, तशी मारली. "ये गं बाय, ये, ये, ये!" तशी ग्रीमाने वरून वाकून पाहिलं. हंबरली. आणि पंख फडफडवत, तिरकी तिरकी होत, उतरली ती बेराच्या पुढ्यात. बेराने तिच्या गळ्याला मिठी मारली, पोटावरून हात फिरवला, आणि तेव्हा तिच्या हाताला लागलं, ग्रीमाच्या पोटाला कळा यायला लागल्या होत्या.

"आता वेळ नाही हो!" ती म्हणाली. "अजून काही आहे का तुमच्याकडे?"

फ्रेयाने अंगरखा सोडवून घेतला, धावत गेली आणि भावाच्या खोलीतून एक घडी घेऊन आली. रुमालाएवढी घडी. पण तो रुमाल नव्हता. ते जहाज होतं! उलगडलं की सगळे देव मावतील एवढं मोठं, आणि दुमडलं की खिशात जाईल एवढं लहान. पाण्यावर चालायचं आणि हवेतही. वाराही नेहमी पाहिजे त्या दिशेचाच मिळायचा त्याला. पण ग्रीमा आता आडवी झाली होती, आणि उठायचं नाव घेत नव्हती. जहाज आहे, पण गाईला त्यात ठेवायचं कसं?

सगळे देव डोकं खाजवत उभे. आणि बेराला मात्र यात काही अवघड वाटेना. उन्नाबाई आजारी पडायच्या तेव्हा त्यांच्या अंगाखालची चादर ती एकटी बदलायची, त्यांना न उठवता. ती म्हणाली, "घडी इकडे द्या. थोरदेवा, हिला या कुशीवर थोडी कलती करा. हळू!" मग तिने घडी ग्रीमाच्या पाठीशी सरकवली, अर्धी उलगडली. "आता त्या कुशीवर." उरलेली अर्धी ओढून घेतली. झालं! ग्रीमा जिथे होती तिथेच राहिली, आणि तिच्याखाली जहाज तयार झालं.

देव एकमेकांकडे बघायला लागले. ते जहाज शेकडो वर्षं त्यांच्याकडे होतं, पण असं कोणाला सुचलं नव्हतं.

थोर म्हणाला, "मी येतो बरोबर. जहाज पुलाला टेकत नाही ना? मला एकदा तरी त्या वाटेने जायचंय."

जहाज निघालं. इंद्रधनुष्याच्या हातभर वरून, झुळुझुळु खाली. थोर काठाशी बसून लहान मुलासारखा सात रंग बघत होता. पश्चिमेला सूर्य टेकला होता. आणि बरोबर मधोमध, ना वर ना खाली, ग्रीमाने मोठ्याने हंबरडा फोडला.

"थोरदेवा, इकडे या! पाय दिसतायत. धरा. आणि मी सांगेन तेव्हाच ओढा. हळू, अंड्याला धरतात तसं."

थोरने आयुष्यात काहीच हळू केलं नव्हतं. त्याच्या कपाळावर घाम आला. दोन बोटांत वासराचे पाय धरले, श्वास रोखला, आणि बेरा "आता" म्हणाली की एवढंसं, एवढंसंच ओढलं. आणि आलं! काळं वासरू, पांढरं तोंड. गाईच्या जातीचं, कालवड.

"जिवंत आहे का गं?" थोरने विचारलं.

बेराने वासराचं नाक पुसलं. वासरू शिंकलं, आणि त्याने पहिला श्वास घेतला.

तेवढ्यात वरून पहारेकऱ्याची हाक आली. "ऐकला! श्वास मी ऐकला! पण घेतला कुठे? एक नाकपुडी वरच्या हद्दीत, एक नाकपुडी खालच्या हद्दीत! मग वासरू कोणाचं?" आणि गोंधळून त्याने ते शिंग उचलून तोंडाला लावलं.

आता ते शिंग कधी फुंकायचं, तर जग बुडायची वेळ आली की! सगळे देव एकदम किंचाळले, "नको! नको! खाली ठेव!" त्याने घाईघाईने ठेवलं. पण विचार करकरून त्याचे सोन्याचे दात कडकड वाजायला लागले.

बेरा खालून म्हणाली, "अहो, तिला तरी विचारा."

तोवर कालवड उभी राहिली होती. चार काड्यांवर पाटी ठेवावी तशी. ती जहाजातून इंद्रधनुष्यावर उतरली. दोन पावलं वर गेली, वास घेतला. दोन पावलं खाली आली, वास घेतला. तिला वरही काही वाटलं नाही आणि खालीही काही वाटलं नाही. मग वळली, जहाजात चढली, आणि आईच्या सडाला जाऊन लागली चुरूचुरू प्यायला.

पहारेकऱ्याने ते चुरूचुरू ऐकलं. मग म्हणाला, "ने बाई तिला. पण दोन्हीकडची आहे ती. तिला वाटेल तेव्हा इकडे यायला मोकळीक. मी अडवणार नाही."

जहाज कुरणात टेकलं आणि मागे इंद्रधनुष्य विरून गेलं. थोरने कालवड खांद्यावर घेतली, बेराने ग्रीमाचं दावं धरलं. दारात थोरचं डोकं चौकटीला लागून धाडकन आवाज झाला.

"कोण आहे गं?" आतून उन्नाबाई ओरडल्या. "गाय शोधायला गेलीस आणि बैल घेऊन आलीस का? दिवसभर कुठे होतीस? आणि पाय पुसून या म्हणावं त्याला, चिखल आणतोय घरात."

"आत्याबाई, देव आहेत ते."

"असतील. देवाला पाय पुसायला काय झालं?"

थोरने मुकाट्याने पाय पुसले.

मग बेराने कालवडीला पोटभर पिऊ दिलं, आणि उरलेल्या चिकाचा खरवस केला. वेलदोडे कुठले तिकडे! मधाचं बोट लावलं. खरवस कसा झाला? मऊ, थरथरता, दात नसलेल्या तोंडातही विरघळेल असा. उन्नाबाईंनी एक वाटी खाल्ली. दुसरी खाल्ली. त्यांच्या गालांवर रंग आला, आणि त्यांनी तिसरी वाटी पुढे केली. बेराने ती भरली, आणि चुलीकडे तोंड करून पदराने डोळे पुसले, कोणाला दिसू नये म्हणून.

थोरने किती खाल्ला? पातेलंच घेऊन बसला तो! मग जहाजाची घडी कनवटीला लावली आणि नदीतून छपाक छपाक करत घरी गेला. तेव्हापासून ग्रीमाने भरपूर दूध दिलं. उन्नाबाई थंडीतून तरल्या, आणि वसंतात बेराचा नवरा सुखरूप परत आला. कालवडीचं नाव त्यांनी ठेवलं ब्रू. ब्रू म्हणजे त्यांच्या भाषेत पूल. कुरणात इंद्रधनुष्य उतरलं की ती तुरुतुरु वर जायची, पहारेकऱ्याकडून मान खाजवून घ्यायची, देवांची हिरवळ चरायची, आणि दिवस बुडायच्या आत तुरुतुरु उतरून गोठ्यात यायची. तिला चढही यायचा आणि उतारही.

असे ते वरचेही आनंदात राहिले आणि खालचेही. आता ब्रू गोठ्यात गेली, दाराला कडी घातली. तुम्हीही कुशीवर वळा, आणि मिटा बघू डोळे.